टाचेतली आठळी

खाडीवर पूल नव्हता आणि वाटा फक्त पावलांनी पडायच्या, त्या काळातली ही गोष्ट आहे. खाडीच्या वर जांभ्या कातळाचा मोठा सडा, म्हणजे उघडं पठार, होता आणि सड्यावर तळसडे नावाचं गाव. त्या गावातल्या प्रत्येक माणसाच्या उजव्या टाचेत एक आठळी असायची, असं म्हणतात. फणसाच्या आठळीएवढी, मऊ, बोटाने दाबली तर कातडीखाली हलणारी. तिच्यामुळे त्यांना कातळातून पावलं कळायची. कोण येतंय, कुठून येतंय, दमून येतंय की रागावून, सगळं कळायचं.

म्हणून तळसड्यात कुणी चपला घालत नसे आणि कुणी दार वाजवत नसे. कुणाचा नवरा माडी पिऊन निघाला, की बायको चुलीपाशी बसल्या बसल्या म्हणायची, "निघाली स्वारी, तीन पायांवर!" आणि बऱ्याच वेळाने तो खरंच दारात उभा राहायचा.

याच गावात कुशी राहायची. तिची आठळी सगळ्यांत जागी. खाडीतला खेकडा चालला तरी तिला कळायचं, असं म्हणतात. म्हणून पावलं राखायचं काम तिच्याकडे होतं. रोज दिवस बुडताना ती गावाबाहेरच्या धोंडेवर, म्हणजे एका मोठ्या खडकावर, उभी राहायची, डोळे मिटायची आणि एकेकाचं पाऊल घरी पोचलेलं ओळखायची. मग मोठ्याने म्हणायची, "सगळी आली!" ते ऐकल्यावरच गाव जेवायला बसायचं. कुशी कधीच चुकली नव्हती, आणि तिला त्याचा थोडा अभिमानही होता.

एका साली भागाक्काच्या घरी खाडीपलीकडची सून आली. तिचं नाव वेणू. वेणूच्या टाचेत आठळी नव्हती. ती दारात येऊन हलकेच कडी वाजवायची आणि आतल्या बायका हसायच्या. गावाची रीत अशी होती, की बाहेरून आलेल्या माणसाचं पाऊल वर्षभर मोजायचं नाही. कातळाला माणूस ओळखायला वर्ष लागतं, असं जुनी माणसं सांगायची. ही रीत कुणी वाईट बुद्धीने घातली नव्हती. पण त्या रीतीकडे नीट कुणी पाहिलंही नव्हतं.

एका दुपारी वेणू कोयता घेऊन कालवं काढायला खाडीवर गेली. संध्याकाळी कुशीने नेहमीसारखी हाक दिली, "सगळी आली!" ती धोंडेवरून उतरते आहे, तोच भागाक्का धापा टाकत आली.

"कुशे, माझी सून आली नाही."

"अगं, सगळी आली. मी आत्ताच मोजली."

"तिला मोजलीस?"

कुशी म्हणाली, "तिचं वर्ष कुठे भरलंय, आक्का?"

"वर्ष भरलं नाही. पण भरती भरत आलीय," भागाक्का म्हणाली.

खाडीच्या काठाला शंभर घळी होत्या. प्रत्येक घळीत शोधायचं तर पाणी आधी पोचणार होतं. कुशीने डोळे मिटले. पण मुसळं चालली होती, गुरं खुरं आपटत होती, पोरं धावत होती. त्यातून ती वेणूचं पाऊल कसं ओळखणार? ते तिने कधी ऐकूनच घेतलं नव्हतं.

"हिचं पाऊल मला ठाऊक नाही," ती सगळ्या गावासमोर म्हणाली. "पण तुम्हा सगळ्यांची ठाऊक आहेत. तुम्ही पाय उचला. मग जे उरेल, ते तिचं."

आणि तळसड्याने पाय उचलले. बाया झोपाळ्यांवर बसल्या, पुरुष फांद्यांना लोंबकळले, पोरांना कडेवर घेतलं. गुरांखाली गुडघाभर पेंढा पसरला.

"बाबा, पाय वर!" कुणीतरी म्हाताऱ्या सखोबाला म्हणालं.

"घेतो गं. ऐंशी वर्षं खालीच आहेत ते, त्यांना सवय नाही."

मग कातळ इतका शांत झाला, की खाडीतले खेकडेसुद्धा जागच्या जागी थांबले, असं म्हणतात. भरतीची एक लाट यायची होती, तीही आली नाही. त्या शांततेत कुशीला एक परका आवाज कळला. ठक. ठक. कुणीतरी दगडावर कोयता आपटत होतं.

कुशी धावली. वाट सोडून सरळ उतारावरून, कालवांच्या धारदार शिंपांवरून धावली. सातव्या घळीत वेणूचा पाय कपारीत अडकला होता आणि पाणी गळ्याशी आलं होतं. कुशीने पाण्यात शिरून धोंडा हलवला आणि तिला ओढून काढलं.

"तुम्हाला कसं कळलं?" वेणूने विचारलं. "माझं तर वर्ष भरलं नाही."

"आज भरलं," कुशी म्हणाली.

पण कुशीची उजवी टाच शिंपांनी चिरली होती आणि आठळी पाण्यात पडून गेली होती. त्यानंतर तिला एकही पाऊल कळलं नाही. मग रोज दिवस बुडताना ती वेणूच्या खांद्यावर हात ठेवून दारोदार जायची, प्रत्येकाला नावाने हाक मारायची आणि ओ आली की पुढे जायची. सगळ्यांत आधी हाक वेणूच्या नावाची. ती खांद्यापाशीच असली, तरी.

आता तळसड्यात कुणाच्याच टाचेत आठळी नाही. बाहेरच्या सुना आल्या, इथल्या मुली बाहेर गेल्या, आणि ती हळूहळू विरत गेली, असं म्हणतात. पण सातव्या घळीपाशी, खाऱ्या पाण्याच्या ऐन काठावर, एक फणस उभा आहे. तो कुणी लावला, ते कुणालाच सांगता येत नाही.

आणि मार्गशीर्षातल्या पुनवेला, उधाणाच्या वेळी, गाव अजूनही पाय उचलतं. पोरं फांद्यांना लोंबकळून खिदळतात, म्हातारी माणसं बाजेवर पाय घेऊन बसतात. कातळावर एकच माणूस उभं राहतं, त्या वर्षी गावात सगळ्यांत नवं आलेलं. कधी सून असते, कधी बदलून आलेल्या मास्तरीणबाई. कधी महिनाभराचं बाळ असतं. मग त्याची आई त्याची इवलीशी टाच हलकेच धोंडेला टेकवते.

ते पाऊल सगळं गाव ऐकून घेतं. मग कुणीतरी म्हणतं, "सगळी आली!"

आणि तेव्हाच बाकीचे पाय खाली ठेवतात.