अठरावी शाल

फार पूर्वी, घाट उतरून आलं की पहिलं लागणाऱ्या एका गावात एक औषधघर होतं. आसपासच्या सात वाड्यांना तेवढाच आधार होता. तिथे तीन माणसं काम करायची. नाडी बघून काढा देणारे वैद्यबुवा, मोडलेली हाडं बसवणारे हाडवैद्य आणि बाळंतपणं करणारी एक सुईणबाई. एक जण काम करायचा, तेव्हा दुसरा जेवायचा आणि तिसरा झोपायचा. त्यामुळे तिघांचंही डोकं जागेवर असायचं आणि दुखणाईत बरे होऊन घरी जायचे.

एका वर्षी वैद्यबुवांना राजधानीतून बोलावणं आलं. बुवा गेले. गाव पारावर जमलं.

"आता नाडी कोण बघणार?" कुणीतरी विचारलं.

"बाई आहेत ना!" पाटील म्हणाले. "इतकी वर्षं बुवांच्या शेजारी वावरल्या. सगळं ठाऊक आहे त्यांना."

सगळ्यांना ते पटलं. बाईंना मात्र कुणी विचारलं नाही. दुसऱ्या दिवशी पाटलांनी मांडव घातला, सनई लावली आणि शाल, नारळ देऊन बाईंचा सत्कार केला. आपण काहीतरी केलं, असं गावाला वाटलं.

पुढच्या वर्षी हाडवैद्यांची स्वतःचीच कंबर धरली. ते लेकीच्या गावी निघून गेले. गाव पुन्हा पारावर जमलं.

"बाई आहेत ना!"

दुसरी शाल आली. दुसरा नारळ आला.

तेव्हापासून गावात रीतच पडली. तापाची साथ ओसरली की सत्कार. वाडीवर दरड कोसळून माणसं जखमी झाली आणि बाईंनी ती जगवली की सत्कार. पाटील मनाने वाईट नव्हते. बाईंबद्दल बोलताना त्यांचे डोळे खरोखरच भरून यायचे. फक्त डोळे पुसून झाले की ते घरी जेवायला जायचे आणि बाई दुखणाइतांच्या रांगेकडे.

बाईंनी सांगून पाहिलं नाही, असं नाही. एकदा त्या काढ्याचा पळा हातात घेऊनच पाटलांच्या दारात उभ्या राहिल्या.

"पाटील, मला माणूस द्या."

"माणूस? कशाला?"

"कशाला म्हणजे काय! सात वाड्या आणि मी एकटी. पलीकडच्या वाडीतल्या दोघीजणी शिकायला तयार आहेत. एक मेंढपाळाची बायको आहे. मेंढ्यांची अडलेली पिल्लं सोडवून सोडवून तिचा हात चांगला बसलाय. दुसरी बुरडाची बहीण. राहायला एक खोली आणि दोन वेळचं धान्य, एवढंच मागतायत."

पाटील हसले. "बाई, तुमच्या हाताची सर कुणाला येणार? तुम्ही एकट्या दहाजणींना भारी आहात."

"अहो, मी एकटी एकीलाच भारी आहे! आता तर अर्धीच उरलेय."

"बघा, बघा!" पाटील ओसरीवरच्या मंडळींकडे वळले. "किती हा नम्रपणा! पुढच्या सत्कारात हे सांगितलंच पाहिजे."

बाईंनी पळ्याकडे पाहिलं. मग पाटलांच्या डोक्याकडे पाहिलं. आणि तशाच परत गेल्या, कारण चुलीवर काढा उतू जात होता.

अशा सतरा शाली झाल्या. बाईंनी त्यांतल्या काहींच्या झोळ्या करून मोडक्या हातांना बांधल्या, काहींत बाळं गुंडाळली. नारळ दुखणाइतांना खाऊ घातले. स्वतः शाल पांघरून त्या एकदाही झोपल्या नाहीत. झोपायलाच वेळ नव्हता.

अठरावा सत्कार ठरला, तेव्हा बाईंनी चार दिवस पाठ टेकलेली नव्हती. त्या सकाळी दोन बाळंतपणं झाली होती. ओसरीवर तापाची माणसं पडून होती. तेवढ्यात गावचा कुंभार अंगठा धरून आला. माती कालवताना तिच्यातली काच अंगठ्यात घुसली होती. बाईंनी जखम धुतली आणि फळीवरचं तेल काढून लावलं. फळीवर दोन बुधले शेजारी शेजारी होते. एकात हळद घालून कढवलेलं तिळाचं तेल. दुसऱ्यात बिब्ब्याचं तेल, जे कातडीला लागलं की पोळतं. पूर्वी ते दोन बुधले वेगवेगळ्या फळ्यांवर असत. आता खालच्या फळीपर्यंत वाकायचं बाईंच्या जिवावर यायचं.

अंगठा बांधून होईपर्यंत पाटील आले. डोक्याला फेटा, हातात हार.

"चला बाई. गाव खोळंबलंय."

"आणि ही रांग?"

"दोन शब्द बोलतो आणि सोडतो तुम्हाला."

मांडवात बाईंना उंच पाटावर, तक्क्याला टेकवून बसवलं. सनई वाजली. पाटील बोलायला उभे राहिले आणि त्यांचे दोन शब्द सुरू झाले. ते आजोबांच्या काळापासून सुरू झाले.

बाईंची चार दिवसांत पहिल्यांदा कशाला तरी पाठ टेकली होती. पाटील दुसऱ्या पिढीपर्यंत पोचायच्या आत त्यांचे डोळे मिटले.

"अगं बाई," पुढच्या रांगेतली एक म्हातारी कुजबुजली, "समाधी लागली!"

"लागणारच," दुसरी म्हणाली. "पुण्याई आहे ती."

झालं. लोक रांग लावून पाया पडायला लागले. बाई घोरत होत्या. कुणी म्हणालं, तो ओंकार आहे.

रांगेत कुंभारही होता. त्याचा अंगठा सुजून टम्म झाला होता, आगीत धरल्यासारखा भाजत होता. पण आजच्या दिवशी बाईंना ते कळू नये म्हणून त्याने हात उपरण्यात लपवला होता. पायांवर वाकताना उपरणं सरकलं आणि बिब्ब्याचा वास बाईंच्या नाकात गेला. इतक्या गलक्यात न मोडलेली झोप त्या वासाने मोडली.

"दादा, हात दाखवा."

"काही नाही बाई. तुम्ही बसा."

"दाखवा म्हणते ना!"

चिंधी सोडली. अंगठ्यावर मोठमोठे फोड आले होते आणि जखम काळी पडली होती. बाईंनी चिंधी नाकाशी धरून बघितली.

"हे मी केलं," त्या म्हणाल्या.

"चालायचंच, बाई. तुम्ही तरी किती बघणार?" कुंभार म्हणाला. त्याच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि तो बाईंचीच समजूत घालत होता.

मांडवाच्या तोंडाशी तेवढ्यात गडबड उडाली. सनईवाल्याची आई धापा टाकत आली होती आणि दोन गडी तिला अडवत होते.

"आजी, थांबा जरा. पाटलांचं भाषण संपू दे."

"अरे मेल्यांनो, तिकडे औषधघरात सून अडलीय माझी! पोर पायाळू येतंय! भाषणाला सांगा थांबायला!"

सनई तिथेच बंद पडली. सनईवाला उठून धावला. पाटील लगबगीने बाईंकडे वळले.

"चला बाई, लवकर!"

बाई उठल्या, पण त्यांनी आपले दोन्ही हात पाटलांच्या समोर धरले. हात थरथरत होते, थांबत नव्हते.

"हे हात आज कुणाला लावायचे नाहीत, पाटील. आजच एक अंगठा जाळलाय मी. पायाळू बाळ आहे. हात एकदा घसरला तर दोन जीव जातील."

"अहो, पण तुमच्याशिवाय कोण आहे?"

"कुणीच नाही," बाई म्हणाल्या. "तेच मी चार वर्षं सांगतेय."

अठरावी शाल घडी घातलेलीच तबकात होती.

बाईंनी लोकांवरून नजर फिरवली. "पाटलीणबाई, तुम्ही या. तुमचे हात लहान आहेत आणि तुम्ही आज झोपून उठलेल्या आहात. मी शेजारी बसून सांगेन तसं करायचं. पाटील, तुम्ही पाणी तापवा."

"मी?"

"मग काय, तुमच्या आजोबांना बोलवू?"

पाटील धावले. आयुष्यात त्यांनी चूल पेटवली नव्हती. ओलं लाकूड घातलं, धूर केला, खोकले, फेटा सोडून फुंकणी शोधली. विहिरीवरून घागरी आणताना दोनदा घसरले. आतून बाईंचा आवाज येत राहायचा. "पाणी! आणखी पाणी! हे काय, कोमट आणलंत?" मध्येच ओसरीवरचा एक जण म्हणायचा, "पाटील, मलाही घोटभर द्या." दुसरा म्हणायचा, "अहो, मला उलटी होतेय." पाटील कुणाकुणाकडे बघणार? एकाला भांडं देईतो दुसऱ्याचं पांघरूण खराब व्हायचं. एक म्हातारा तर उगाचच हात धरून बसला आणि सोडेना.

आत बाई डोळे मिटून बोलत होत्या आणि पाटलीणबाईंचे हात चालत होते. "ओढू नका. कळ येऊ द्या. आता खालून नुसता आधार द्या. अंगाला फडकं गुंडाळून धरा. घाई करू नका... हां. आता."

बाळ आलं. पण रडलं नाही.

सनईवाला दाराबाहेर उकिडवा बसला होता. त्याने सनई छातीशी घट्ट धरली होती.

"रडत नाही हो," पाटलीणबाई म्हणाल्या. "बाई, हे निळं पडलंय."

"तोंड पुसा त्याचं. आतून, बोटाला फडकं गुंडाळून. आता पाठ चोळा. जोरात! काही होत नाही त्याला. आणखी."

पाटील दारात घागर घेऊन उभे होते. घागर खाली ठेवायचं त्यांना सुचलं नाही.

"आणखी चोळा, पाटलीणबाई. थांबू नका."

आणि मग एक बारीक, चिरका आवाज आला. मग तो मोठा झाला. मग औषधघरातलं प्रत्येक दुखणाईत उठून बसला.

पाटलांनी घागर ठेवली आणि पायरीवर बसकण मारली. अंगावरचं रेशमी उपरणं काजळीने काळं झालं होतं. बाई बाहेर आल्या आणि ओसरीच्या बाकड्यावर टेकल्या.

"रोज असं असतं?" पाटलांनी विचारलं.

"नाही," बाई म्हणाल्या. "आज तुम्ही होतात ना पाणी आणायला."

सवयीने पाटलांच्या तोंडून निघून गेलं, "बाई, तुमचा तर आता मोठा सत्..." आणि शब्द घशातच राहिला, कारण बाकड्यावर बसल्या बसल्या बाईंची मान कलली होती. यावेळी समाधी कुणाला वाटली नाही.

पाटील मांडवात गेले. तबकातली शाल घेऊन आले. घडी उलगडली आणि हळूच बाईंच्या अंगावर पांघरली. अठरा शालींमधली ही पहिली शाल, जी खुद्द बाईंना ऊब द्यायच्या कामाला आली.

सनईवाल्याने आनंदाने सनई ओठांना लावली होती. पाटलांनी त्याच्या खांद्यावर हात ठेवला.

"उद्या वाजव बाबा. आज त्या झोपल्यात."

त्याच संध्याकाळी पाटील स्वतः पलीकडच्या वाडीत चालत गेले. मेंढपाळाच्या बायकोला आणि बुरडाच्या बहिणीला त्यांनी हात जोडले. "यायला उशीर झाला," एवढंच म्हणाले. आपल्या वाड्यातली दोन दालनं दोघींना रिकामी करून दिली. हाडवैद्य लेकीच्या गावी होते. त्यांच्याकडे एक धडधाकट माणूस शिकायला पाठवला. ही मंडळी तयार होईपर्यंत पाणी, लाकूड आणि रोग्यांजवळ बसणं गावाने घराघरांत वाटून घेतलं. पाटलांची पाळी बुधवारी असायची. पहिले काही बुधवार ते फार कुरकुरले. पण गेले.

बाई महिनाभर अंथरुणाला खिळून होत्या. पडल्या पडल्या सांगायच्या आणि त्या दोघी तसं करायच्या. त्यानंतर त्या एक दिवस काम करायच्या आणि एक दिवस झोपायच्या. त्यांना कुणी जागं करायला आलं, तर मेंढपाळाची बायको त्याला हाकलून द्यायची. हातांची थरथर मात्र पुरती कधी गेली नाही.

आणि कुंभाराचा अंगठा पूर्वीसारखा झाला नाही. चाकावरच्या मडक्याचं तोंड आवळून घ्यायला अंगठा वाकावा लागतो. त्याचा वाकेना. म्हणून तो रुंद तोंडाची मडकी करायला लागला, त्याची पोरंही तशीच शिकली, आणि त्या गावची मडकी आजही तशीच असतात. बाहेरचे लोक विचारतात, हे असं का? गावातलं लहान पोरही सांगतं, "आम्ही शाली देत बसलो होतो ना, म्हणून."

तात्पर्य: थकलेल्या माणसाच्या पाया पडून त्याचा थकवा जात नाही, त्याच्या हातातली घागर आपल्या हातात घ्यावी लागते, आणि तीही तो कोसळायच्या आधी.