दोन सेकंदांची नोंद

विश्वास कुणावर ठेवाल, सांगा बघू? ज्याच्या दुकानात सुईपासून नांगराच्या फाळापर्यंत सगळं मिळतं त्याच्यावर, की जो फक्त अत्तर विकतो त्याच्यावर?

मिरजेचा निशिकांत तारळेकर अत्तरवाल्याच्या बाजूचा. सतारी बनवणाऱ्यांच्या गल्लीत वाढलेला. कान तयार, आणि नाक कानापेक्षा वर. संगीत शिकायला हॉलंडला गेला आणि गाठ पडली योरिस फेल्टकाम्प नावाच्या म्हाताऱ्याशी. हा म्हणजे चालतंबोलतं किराणा दुकान! पन्नास वर्षांत युद्धपटांना संगीत दिलं, गुप्तहेरांच्या मालिकांना दिलं, बाहुल्यांच्या कार्यक्रमाला दिलं, टीव्हीवरच्या हवामानाच्या बातम्यांना दिलं. लोण्याची जाहिरातसुद्धा सोडली नाही.

तिकडे शिक्षकाला ‘मेस्टर’ म्हणतात. निशिकांतने सरळ ‘मास्तर’ केलं. म्हाताऱ्याला फरक कळला नाही.

“मास्तर, माझी चार मिनिटं कुठं गेली?”

मास्तरांकडे आलेला चित्रपट पुराचा होता. समुद्राचा बांध फुटून गाव बुडालंय, आणि एक म्हातारा गवळी बांधावर एकटा उभा आहे. त्या प्रसंगासाठी निशिकांतने तीन आठवडे खपून वीस व्हायोलिनांची रचना बांधली होती. आयुष्यातलं पहिलं काम. मिरजेत साऱ्या गल्लीला कळवून झालं होतं. आणि मास्तरांनी शेवटचा एक सूर ठेवून बाकी सगळी उडवली होती.

“काढली,” मास्तर म्हणाले.

“चुकली होती?”

“छान होती.”

“मग जळलात तुम्ही! जन्मभर लोणी विकलंत, तुम्हाला काय कळणार चार मिनिटांचं दुःख?”

“लोणी चांगलं होतं.”

निशिकांतने टेबलावर मूठ आपटली. पेन्सिली उडाल्या.

मास्तरांनी त्या एकेक करून उचलल्या.

“तो प्रसंग किती वेळा पाहिलास?”

“चाळीस वेळा!”

“आवाज लावून?”

निशिकांतने आवाज बंदच ठेवला होता. संगीतवाल्यांची ही सवयच. आपली धून नीट ऐकू यावी म्हणून चित्राचा आवाज बंद करून बसायचं.

मास्तरांनी प्रसंग लावला. व्हायोलिन नाहीत. नुसता वारा, पाणी… आणि गवळ्याचं पुटपुटणं. गाय वाहून गेलेली, आणि हा तिला हाक मारत होता. मोठ्याने नाही. गोठ्यात ती शेजारी उभी असावी तशी.

“क्लारा… हं, क्लारा…”

चार मिनिटं. मग निशिकांतचा तो एक सूर. मग अंधार.

हे शब्द चाळीस वेळा निशिकांतसमोर उच्चारले गेले होते.

चित्रपट पुरा झाला की तिथे एक तक्ता भरतात. कोणत्या प्रसंगाला किती सेकंद संगीत, आणि ते कुणाचं. मास्तरांनी तो कोरा तक्ता त्याच्यापुढे सरकवला.

निशिकांतने आपल्या रिवाजाप्रमाणे गुरूचं नाव घेण्याआधी कानाची पाळी धरली आणि लिहिलं: चार मिनिटं शांतता, योरिस फेल्टकाम्प. शेवटचा सूर, दोन सेकंद, योरिस फेल्टकाम्प.

“सगळं तुमचंच, मास्तर. माझं काही नाही.”

मास्तरांनी वाचलं. मघाशी शिव्या खाऊन न हललेला म्हातारा आता ताडकन उठला. चेहरा लालबुंद.

“हे काय लिहिलंस?”

“मास्तर, आमच्याकडे गुरूला…”

“मघाशी मला जळका म्हणालास, ते परवडलं! आता लेखी चोर करतोस?”

मास्तरांनी निशिकांतच्या हातातली पेन्सिल ओढून घेतली आणि आपलं नाव दोन्ही ओळींतून खोडलं, कागद फाटेल इतक्या जोराने. मग पेन्सिल परत त्याच्या बोटांत दिली.

“शांतता गवळ्याची. दोन सेकंद तुझे. हिशेब खरा ठेव, पोरा.”