शाळा वाढवावी!

"शाळा तत्काळ वाढवावी आणि वकिलीवर रुजू व्हावे. पुनवेपर्यंत हुकूम बजावला नाही, तर घरदार सरकारजमा!"

राजे तुळाजीरावांचा हा शिक्क्याचा हुकूम वाचून खेत्रोजी ओट्यावर बसला. 'शाळा वाढवा' म्हणजे काय, हे हळदगडात शेंबड्या पोरालाही कळत होतं. शाळेला टाळं लावा! पण तसं बोलायची चोरी. राजेसाहेबांना अभद्र शब्दांचं भारी वावडं! त्यांच्या राज्यात बांगडी फुटत नसे, वाढत असे. दिवा विझत नसे, वाढत असे. दुकानही बंद होत नसे, वाढतच असे! कुणी चुकून सरळ शब्द उच्चारलाच, तर त्याने पाण्याची चूळ तोंडात धरून दिवस मावळेपर्यंत उभं राहायचं. दरबारात रोज दोघे-तिघे तरी गाल फुगवून उभे असत.

अशा राजाची खेत्रोजीने बावीस वर्षं वकिली केली होती. वकिली म्हणजे कोर्टातली नव्हे हो! शेजारच्या राज्यात आपल्या राजाचा माणूस म्हणून बसायचं आणि गोड गोड बोलायचं. आपली फौज पळून आली, की हा तिथे सांगणार, "आमच्या शिपायांना घरची ओढ फार!" खजिन्यात खडखडाट झाला, की म्हणणार, "महाराजांची राहणी हल्ली साधी आहे." जात्याच तेल्याच्या घरचा, जिभेला तेल घरचंच! पण शेवटी शेवटी त्याचं त्यालाच ते बोलणं ऐकवेना. एक दिवस त्याने पागोटं खुंटीला लावलं, गावी आला आणि दोन खणांची शाळा काढली. शब्द बोलायला बंदी, लिहायला थोडीच होती? पोरं पाटीवर ठसठशीत अक्षरात लिहीत, 'फौज पळाली.'

इकडे नव्या वकिलाने शेजारच्या राजाला भर दरबारात 'आजोबा' म्हटलं आणि लढाईची वेळ आली! तुळाजीरावांनी खेत्रोजीला बोलावणं धाडलं. "शाळा आहे तोवर येणं होणार नाही," असा याचा जबाब गेला. राजा तो राजाच. शाळाच नको, म्हणून त्याने हुकूम काढला.

चाळीस पोरांचं आता कसं व्हायचं? खेत्रोजीने हुकूम पुन्हा वाचला. मग आणखी एकदा वाचला. तहनाम्यातल्या फटी शोधण्यात हयात गेलेला माणूस तो! एकदम मांडीवर थाप मारून उठला.

"हात्तिच्या! लिहिलंय तसंच करू की!"

तडक गेला तो सरकारी कोठारात. तिथला कोठावळा भिकाजी कान खाजवत बसला होता.

"चाळीस सागाच्या तुळया आणि कौलांच्या दहा गाड्या काढा!" खेत्रोजीने हुकूम पुढे केला.

"हे कशाला?"

"शाळा वाढवायचीय. खाली शिक्का बघा."

"अहो, वाढवायची म्हणजे तसं नव्हे!"

"मग कसं? बोला की स्पष्ट!"

भिकाजीने तोंड उघडलं. कोपऱ्यातला पाण्याचा तांब्या त्याला दिसला. तोंड मिटलं.

"कौलं तेवढी जपून न्या," तो म्हणाला.

पुनवेला राजेसाहेब लवाजम्यानिशी शाळेला टाळं लागलेलं बघायला आले. बघतात तो काय! दोन खणांची शाळा सात खणांची झालेली, आणि आत पाढ्यांचा नुसता गलका!

"खेत्रोजी! आम्ही शाळा वाढवायला सांगितली होती!"

"वाढवली, महाराज. लाकूड आपलंच आहे."

"तशी नव्हे! वाण्याने दुकान वाढवावं, तशी!"

"ती तर रोजच वाढवतो, महाराज. वाणी संध्याकाळी दुकान वाढवतो आणि सकाळी पुन्हा मांडतो. आमचंही तसंच!"

मागे कुणीतरी फिस्सकन हसलं. राजा लाल झाला.

"नारळ वाढवतात, तशी वाढवा!"

"नारळ नव्या कामाच्या मुहूर्ताला वाढवतात. म्हणजे आणखी एक वर्ग काढू म्हणता? जशी आज्ञा!"

"अरे, बंद कर! शाळा बंद कर म्हणतोय मी! बंद, बंद, बंद!"

तांब्या घेतलेला हुजऱ्या पुढे आला, मागे गेला, पुन्हा पुढे आला. कायदा राजाचाच, शिक्काही राजाचाच, आणि शब्द गेला तोही राजाच्याच तोंडून! तुळाजीरावांना दरदरून घाम फुटला. सारी प्रजा डोळे फाडून बघत होती.

खेत्रोजी हात जोडून पुढे आला. "हुकूम शिरसावंद्य, महाराज. फक्त एवढंच सांगा, आपण हा शब्द उच्चारलात कुठे?"

"कुठे म्हणजे? इथे!"

"इथे शाळा चालू असेल, तर आपण पोरांना एक शब्द शिकवलात. शिकवण्याला कसली आलीय शिक्षा? पण शाळा या घटकेला बंद झाली असेल..." त्याने हळूच तांब्याकडे पाहिलं. "चालू म्हणू की बंद?"

राजाने तांब्याकडे पाहिलं. हुजऱ्याकडे पाहिलं. खेत्रोजीकडे पाहिलं. आणि मग त्याला असं हसू लोटलं, की शिरपेच डोळ्यावर आला!

"चालू! चालू! शंभर वर्षं चालू! लबाडा, बावीस वर्षं आमच्यासाठी बोललास आणि आज आमच्यावरच उलटलास! पण शेजारच्या दरबारात आता पाठवू कुणाला?"

"याच वर्गातून चार वकील तयार करून देतो. मात्र ते खरं बोलतील."

"खरं बोलणारा वकील? त्याच्यावर विश्वास कोण ठेवणार? शेजारी विचार करूनच अर्धा होईल!" राजा पुन्हा हसत सुटला. गळ्यातला कंठा काढून त्याने खेत्रोजीच्या गळ्यात घातला, पन्नास बिघे जमीन शाळेला इनाम दिली आणि शाळेच्या उंबऱ्याआत वाटेल तो शब्द बोलायची मुभाही दिली.

निघताना तो उंबऱ्याच्या आतच थांबला. इकडेतिकडे पाहिलं, छाती भरून श्वास घेतला आणि जन्मात पहिल्यांदा खणखणीत आवाजात म्हणाला,

"जातो आम्ही!"

"या, महाराज!" खेत्रोजी म्हणाला.