झांजवाहीनं कूस बदलली

सातपुड्याच्या पार उत्तरेकडच्या रानात झांजवाही नदी एकदम डावीकडे वळते. त्या वळणापाशीच तिचं जुनं पात्र कोरडं पडलेलं आहे. पाहुण्यांना तिथवर नेलं की सोनझाऱ्यांचे म्हातारे सुकलूबाबा गोट्यांवर टेकतात आणि सांगू लागतात.

पूर्वी नदी इथूनच वाहायची म्हणे. काठाच्या दरडीवर आमच्या लोकांची वस्ती होती. नदीतली रेती लाकडी परातीत घोळवायची आणि तळाशी राहील तेवढा सोन्याचा कण घ्यायचा, हा आमचा धंदा. एका वर्षी रेतीत काहीच उतरेना. तेव्हा झिंगरू नावाच्या गड्यानं दरडीलाच हात घातला. सोनं दरडीतूनच झिजून येतं, मग वाट कशाला बघायची? आत खरंच सोनं लागलं, तांदळाच्या दाण्याएवढं. मग काय, सगळी वस्तीच खोदायला लागली. चुली पेटेनात. डोळ्याला डोळा लागेना. शेजारी उठला की आपणही उठायचं.

झिंगरूची बायको फुलकन तेवढी रोज अडवायची. "आपली घरं याच दरडीवर आहेत गा. पुरे कर आता."

"आणखी थोडं आत," तो म्हणायचा.

श्रावणात एका दुपारी वरच्या डोंगरात पाऊस कोसळला. लोंढा आला आणि भुयाराचं तोंड बुजलं. झिंगरू आतच राहिला. बाकीचे पळत सुटले. फुलकननं घराघरातलं सोनं पदरात गोळा केलं, कोणी हात धरला त्याला झिडकारलं, आणि सगळं पाण्यात ओतलं.

"माय, तुझं तुला घे, माझा माणूस दे. पुन्हा तुझा काठ कोरणार नाही, तुझ्या काठी घर बांधणार नाही."

दिवस मावळायच्या आत नदीनं कूस बदलली, असं सांगतात. पाणी पलीकडून वाहू लागलं, आणि चिखल उकरत झिंगरू रांगत बाहेर आला.

पण तो पुन्हा कधी स्वस्थ बसला नाही. कुठंही मुक्काम पडला की जमिनीला कान लावायचा. "पाणी येतंय, चला." फुलकननं त्याचा जीव मागून घेतला होता, त्याची झोप मागायची राहून गेली. ती भांडी उचलायची आणि त्याच्या मागं चालू लागायची. जन्मभर.

आजही आमच्यात कोणी नदीकाठी घर बांधत नाही. भर उन्हाळ्यात, पाणी घोट्याइतकं असताना, एखादा म्हातारा बसल्या बसल्या दचकून म्हणतो, "पाणी येतंय." कुठं, असं त्याला कोणी विचारत नाही. बाया भांडी बांधायला लागतात.