खो मिळेपर्यंत

शके अठराशे बाराच्या माघात, थंडी सरता सरता, रानात खो-खोचा सामना झाला. खो मिळण्याआधीच सशीण उठली आणि संघ हरला.

"काढा हिला! बुडाला काटे आहेत हिच्या!" गडी ओरडले. सशिणीने कान पाडले.

शिकवणारी घोरपड म्हणाली, "चूक माझी. हिला पळायला शिकवलं, बसायला नाही."

वर्षभर तिने सशिणीला बसायलाच लावलं.

"आजी, पाय शिवशिवतात!"

"शिवशिवू देत. पाठीवर थाप पडून 'खो' ऐकल्याशिवाय उठायचं नाही."

पुढच्या माघातल्या सामन्यात समोरच्या संघातलं शेवटचं उरलेलं हरीण सशिणीच्या नाकासमोरून गेलं. ती हलली नाही. मागून माकडाने थाप मारली, "खो!" तशी ती सुटली आणि हरीण बाद झालं.

रान नाचू लागलं. सशीण धापा टाकत घोरपडीपाशी आली.

"आजी, तुम्ही अंगावर घेतलेली चूक मी आज फेडली."