बिनचामड्याचा पखवाज

पखवाज वाजवणारा बयाजी गुरव वारला आणि राजेसाहेबांच्या दरबारातली त्याची जागा रिकामी झाली. चौदाव्या दिवशी त्याचा धाकटा भाऊ निळोबा ती मागायला आला. वाजवणारा गेला की त्याच्या पखवाजावरचं चामडं उतरवायचं, ही त्यांच्या घराण्याची रीत. म्हणून निळोबाच्या काखेत पखवाजाचं नुसतं लाकडी खोड होतं आणि हातात चामडं.

दरबारचे शास्त्रीबुवा म्हणाले, "अवनद्ध वाद्य म्हणजे काय, ते आधी सांग. तुझ्या भावाला शेवटपर्यंत सांगता आलं नाही."

निळोबाला दादानं सगळं शिकवलं होतं, पण शास्त्र्यांसारखं बोलायला नाही. मेलेल्या भावाचा अपमान मात्र त्याला सोसवला नाही. त्यानं खोड बुवांपुढे आदळलं.

"वाजवा, बुवा!"

"अरे मूर्खा, हे कसं वाजेल? तोंडावर चामडं मढवून आवळल्याशिवाय वाद्य होतं का?"

"झालं! तुम्हीच सांगितलंत अवनद्ध म्हणजे काय ते. तुम्हाला बोलावं लागलं, माझा दादा हातानं सांगायचा."

राजेसाहेब खळखळून हसले. "निळोबा, मढव पखवाज."

निळोबानं तिथेच बसून चामडं चढवलं, वाद्या आवळल्या आणि थाप मारली. चौदा दिवसांनी दरबारात बयाजीचा पखवाज बोलला.