ऋतंजयाचे हास्य

त्रेतायुगाचा नुकताच आरंभ झाला होता, तेव्हाची ही कथा. पयोष्णीच्या तीरी, कदंबवृक्षांनी वेढलेल्या आश्रमात वेदवर्णा नावाची तपस्विनी राहत असे. देवासुरसंग्रामात देवांच्या बाजूने लढताना तिचा एकुलता एक पुत्र ऋतंजय धारातीर्थी पडला होता. त्याला यमलोकातून परत आणायचे, या एकाच संकल्पाने तिने असे घोर तप मांडले, की आता मृत्यूचे विधान मोडणार या भयाने देव व्याकुळ झाले.

एके प्रातःकाळी तिच्या द्वारी एक तरुण अतिथी आला. मुख सर्वस्वी अपरिचित, वाणी दूरदेशीची. पण पाय धुताना त्याने डाव्या टाचेने उजवे पाऊल घासले, अगदी ऋतंजय घासत असे तसेच. मग तो हसला. ते हास्यही ऋतंजयाचेच होते.

"वत्सा, कोण तू? तुला मी कुठे पाहिले आहे?"

"माते, या प्रांती मी प्रथमच येतो आहे. तरी तुझ्या अंगणात घरी आल्यासारखे वाटते."

यमाने आपला पुत्र दुसऱ्या देहात परत पाठवला, असे तिने मनाशी धरले. सद्गदित होऊन ती म्हणाली, "माग. तुला नाही म्हणावे असे माझ्यापाशी काहीच नाही."

"तर मग तुझ्या तपाचे सारे पुण्य मला दे."

क्षणभर तिचे मन कचरले. पण ज्याच्यासाठी तप केले तोच मागतो आहे, या समजुतीने तिने उदक सोडले. जल भूमीवर पडताच अतिथीच्या जागी हेमकेतू गंधर्व उभा राहिला.

"देवांची आज्ञा होती," तो अधोमुख होऊन म्हणाला. "तुझा पुत्र यमलोकीच आहे. त्याच्या लकबी, त्याचे हास्य देवांनी मला दिले. क्षमा कर, माते."

"माते म्हणू नकोस!" वेदवर्णा कडाडली. "ज्या देवांसाठी त्याने प्राण वेचले, त्यांनीच त्याचे हास्य चोरून त्याच्या आईला लुबाडावे? उदक मी तपाचे सोडले, मातृत्वाचे नाही. त्या बळावर शापते, हे हास्य तुझ्या मुखावरून कधीच उतरणार नाही. जो तुला पाहील त्याला आपले गेलेले माणूस आठवेल. पण आपला म्हणून कोणीही तुला जवळ करणार नाही!"

देवांनीही त्याला जवळ केले नाही. तेव्हापासून स्वर्गाला मुकलेला हेमकेतू नाना रूपांनी पृथ्वीवर भटकतो. यात्रेत, घाटावर एखादा परका उगाच ओळखीचा भासतो, नाव काही केल्या ओठी येत नाही आणि मनात अकारण भय दाटते, तेव्हा तो जवळून गेलेला असतो.

वेदवर्णेने पुन्हा तप आरंभले नाही. तिच्या कुंडातला अग्नी मात्र धगधगत राहिला. पण त्यात देवांच्या नावाची आहुती पुन्हा कधी पडली नाही.